कचऱ्याचा हात

नेत्याला इतरांचे दुःख कळले पाहिजे, हे विधान इतके सर्वमान्य आहे की ते तपासून पाहण्याची गरज सहसा कोणाला वाटत नाही. क्रीडाविषयक चित्रपटांनी तर त्याचा एक साचाच करून टाकला आहे: विखुरलेली माणसे, त्यांना एकत्र आणणारा कोणी एक, आणि अखेरीस विजय. आशुतोष गोवारीकर दिग्दर्शित 'लगान' (२००१) वरवर पाहता याच साच्यातला. परंतु त्यातील कचरा या पात्राच्या निमित्ताने जो नैतिक प्रश्न उभा राहतो, तो चित्रपटाने दिलेल्या उत्तरापेक्षा मोठा आहे.

काळ १८९३चा. दुप्पट साऱ्याचे संकट टाळण्यासाठी चंपानेरचे गावकरी गोऱ्या अधिकाऱ्यांशी क्रिकेट खेळण्याचा पण स्वीकारतात. सराव दुरून पाहणारा अस्पृश्य कचरा आपल्याकडे आलेला चेंडू परत फेकतो आणि त्याच्या अधू हातातून सुटलेला तो चेंडू विलक्षण वळतो. भुवन त्याला संघात बोलावतो. बाकीचे मागे सरतात. भुवन त्यांना खडसावतो. प्रसंग प्रभावी आहे, यात वाद नाही. तथापि तो चेंडू वळला नसता तर? भुवनच्या आवेशपूर्ण भाषणाला निमित्त कचऱ्याच्या माणूसपणाचे नव्हे, त्याच्या फिरकीचे आहे. माणसाला केवळ साधन म्हणून वागवू नये, ही कांटची कसोटी येथे लावली तर भुवन तिला पुरता उतरतो असे म्हणणे कठीण आहे.

यावर असे म्हणता येईल की गरज दार उघडते, आणि एकदा उघडलेले दार सहवासाने उघडेच राहते. हा युक्तिवाद इतिहासापाशी नेऊन पाहावा. कचऱ्याला पाहताना पळवणकर बाळूंची आठवण होणे अपरिहार्य आहे. चर्मकार समाजातील हा डावखुरा फिरकी गोलंदाज त्याच दशकात पुण्यात, युरोपियनांच्या क्लबात, मैदानावरची कामे करता करता घडला. हिंदूंच्या संघाला त्याची गोलंदाजी हवी होती. चेंडू त्याच्या हातून सवर्णांच्या हाती जात असे. चहा मात्र त्याला पॅव्हेलियनबाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यात मिळे. १९११च्या इंग्लंड दौऱ्यात शंभरावर बळी घेऊनही हिंदू संघाचे कर्णधारपद त्याच्याकडे रीतसर आले नाही. उपयुक्ततेने मैदान दिले, पंगत दिली नाही. गोलंदाजीची किंमत ओळखणारी दृष्टी आणि बाहेर उभे राहून चहा पिणाऱ्याच्या मनात काय चालले असेल हे जाणणारी दृष्टी, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. त्यांपैकी दुसरीलाच समानुभूती म्हणणे योग्य.

गंमत अशी की ही दुसरी दृष्टी भुवनपाशी आहे, पण ती चित्रपटाने इतरत्र ठेवली आहे. मत्सरापोटी शत्रूला सामील झालेला लाखा उघडा पडतो, संतप्त गावकरी त्याच्या मागे लागतात, तेव्हा भुवन त्याचे म्हणणे ऐकून घेतो. त्या क्षणी लाखा कोणाच्याही उपयोगाचा नाही. उलट घातकच आहे. तरीही भुवन त्याच्या अपमानात शिरतो आणि त्याला पुन्हा उभे राहू देतो. दुसऱ्या दिवशी लाखा अप्रतिम झेल घेतो, ही पुढची गोष्ट. क्षमा झेलावर अवलंबून नव्हती. मात्र लाखा गावातलाच आहे. आपल्या माणसाचा द्रोह समजून घेणे, परक्या ठरवलेल्याचे मौन समजून घेण्यापेक्षा सोपे असते. (कचऱ्याला संवाद तरी किती आहेत? त्याला काय वाटते हे त्याला कोणी विचारत नाही.)

सामन्याच्या अखेरीस मात्र चित्रपट क्षणभर स्वतःच्या पुढे जातो. शेवटचा चेंडू, समोर कचरा, आणि भुवन दुसऱ्या टोकाला. फलंदाजीत कचऱ्याचा काही उपयोग नाही, हे सर्वांना ठाऊक आहे. नेत्याच्या हाती करण्यासारखे काहीच उरलेले नाही. त्याने फक्त पाहायचे आणि धावायचे. तेवढ्यात पंच नो-बॉलची खूण करतात, कचऱ्याच्या एका धावेमुळे फलंदाजी भुवनकडे येते, आणि विजयी षटकार त्याच्याच नावे लागतो.

हिंदू संघाचे नेतृत्व पळवणकरांच्या घरात आले ते १९२३ साली, बाळूंचा धाकटा भाऊ विठ्ठल यांच्या रूपाने. तोवर बाळूंची उमेदीची वर्षे सरली होती.