जमेची बाजू

आमच्या पुतणीचं इन्स्टाग्रामवर अकाउंट आहे असं कळल्यावर आमच्यातला कारकून जागा झाला. वीस वर्षं दुसऱ्यांची खाती लिहिणाऱ्याला खातं म्हटलं की ते तपासल्याशिवाय चैन पडत नाही. २०१० साली निघालेली ही पेढी. इथं ठेव म्हणून फोटो ठेवायचा आणि व्याजाचे बदाम मोजत बसायचं.

खातं पाहिलं. लोणावळ्याचा धबधबा, मैत्रिणीचं लग्न, कॉफीचा कप. एकही नोंद खोटी नाही, पण सगळी जमेची बाजू! राहिलेला विषय, हुकलेली नोकरी, रविवारी रात्री विनाकारण येणारं रडू, हे नावे टाकायला रकानाच नाही. आता प्रत्येक नोंद खरी आणि शिल्लक मात्र खोटी, असं होऊ शकतं का? कुठल्याही कॉमर्सवाल्याला विचारा. एकच बाजू लिहा, की झालं! यात फसतो तो वाचणारा. दुसऱ्याची नुसती जमा आणि आपली जमा-नावे शेजारी ठेवून तो आपलंच दिवाळं काढतो.

यावर उपाय म्हणून २०२० साली फ्रान्समध्ये 'बीरिअल' नावाचं ॲप निघालं. दिवसातून एकदा, केव्हाही घंटा वाजणार आणि दोन मिनिटांत असाल तसा फोटो टाकायचा. म्हणजे आमची अचानक तपासणीच की! पण साहेब स्टेशनवर उतरायच्या आत टेबलं पुसलेली नाहीत, अशी बँक कुणी पाहिलीय? पोरांनीही वाट काढली. घंटा वाजली तरी थांबायचं आणि चांगल्या जागी पोचल्यावर उशिरा फोटो टाकायचा.

"मग खरी तू कुठली गं?" आम्ही विचारलं.

"माझं दुसरं अकाउंट आहे, काका. फिन्स्टा म्हणतात त्याला. रडका चेहरा, राहिलेला विषय, सगळं तिथं. नऊ जणांनाच दिसतं."

दोन वह्या! पेठेतल्या काही व्यापाऱ्यांना ही विद्या जुनीच. फक्त ते खरी वही इन्कमटॅक्सवाल्यांपासून लपवतात, आणि ही पोरं आईबापांपासून.

"आईबाबांना का नाही दाखवत?"

"त्यांनी त्यांची कधी दाखवलीय?"

आम्ही चष्मा पुसू लागलो. 'कसं काय?' म्हटलं की 'झकास!' म्हणायचं, ही जमा तर आपल्याकडं इन्स्टाग्रामच्या कितीतरी आधीपासून पडत आलीय. खरेपणा म्हणजे चव्हाट्यावर ताळेबंद वाचणं नव्हे. पण एकदोघांपुढं तरी वही पुरती उघडावी, आणि घरात ती आधी उघडायची पाळी मोठ्यांची. पोरीच्या यादीत नऊचे अकरा करायला जागा आहे.