पापक्षमा आणि हरलेला सामना

गेल्या पावसाळ्यात सौंसर येथे एका विश्वासी कुटुंबात प्रार्थनासभा होती. सभा आटोपली, चहा झाला, आणि पाऊस थांबेपर्यंत आम्ही काही जण बैठकीतच बसून राहिलो. त्या घरचा कॉलेजात जाणारा मुलगा टीव्हीला यंत्र जोडून बास्केटबॉलचा व्हिडिओ गेम खेळत होता. अमेरिकेतील व्यावसायिक संघांची सात सामन्यांची मालिका चालली होती. त्याचा संघ पार मागे पडला, तेव्हा त्याने शांतपणे खेळ बंद केला, पुन्हा चालू केला, आणि तोच सामना पहिल्यापासून सुरू झाला.

मी विचारले, "अरे, मघाचा सामना कुठे गेला?"

तो म्हणाला, "काकाजी, तो झालाच नाही. सेव्ह व्हायच्या आधीच बंद केला." आणि हसून पुढे म्हणाला, "तुम्ही आज पापक्षमेवर बोललात, ते असंच ना? देवाने बटण दाबलं की मागचं सगळं गेलं!"

मी "होय" म्हणणारच होतो. पण शब्द ओठांवर येऊन अडला. आपण व्यासपीठावरून पापक्षमा सांगतो, ती खरोखरच अशी आहे काय? हा प्रश्न घेऊन मी त्या रात्री घरी आलो, आणि पुढचे काही आठवडे तो माझ्याबरोबर राहिला. वाचकांपुढे तोच मांडतो.

प्रथम ही मालिका प्रत्यक्षात कशी खेळली जाते ते पाहू. अमेरिकेच्या एनबीए या स्पर्धेत ३० संघ आहेत. नेहमीच्या हंगामात प्रत्येक संघ ८२ सामने खेळतो. त्यानंतर १६ संघ प्लेऑफमध्ये, म्हणजे अंतिम टप्प्यात उतरतात. तेथे चार फेऱ्या असतात आणि प्रत्येक फेरीत तेच दोन संघ पुन्हा पुन्हा समोरासमोर येतात. जो आधी चार सामने जिंकेल तो पुढे जातो. म्हणून मालिका चार सामन्यांतही संपते आणि सातापर्यंतही लांबते. पहिली फेरी २००२ पर्यंत पाच सामन्यांची होती. २००३ पासून तीही सातांची झाली. विजेतेपद हवे असेल तर असे १६ विजय मिळवावे लागतात.

सामने कोठे होतात, यालाही नियम आहे. समजा, पांढुर्णा आणि सौंसर असे दोन संघ आहेत आणि हंगामात पांढुर्ण्याची कामगिरी सरस आहे. तर पहिले दोन सामने पांढुर्ण्यास, पुढचे दोन सौंसरला, पाचवा पुन्हा पांढुर्ण्यास, सहावा सौंसरला आणि गरज पडलीच तर सातवा पांढुर्ण्यास. दोघांनाही एकमेकांच्या दारी जावे लागते आणि परक्या प्रेक्षकांचा आरडाओरडा सोसावा लागतो.

या साऱ्यात एक नियम इतका साधा आहे की त्याकडे लक्षच जात नाही. पहिला सामना एका गुणाने हरा किंवा चाळीस गुणांनी हरा, मालिकेच्या हिशेबात ती एकच हार असते. ती लिहिली जाते. परंतु दुसऱ्या सामन्याचा चेंडू उडतो तेव्हा फलकावर दोन्ही बाजूंना शून्यच असते. कालच्या चाळीस गुणांचे ओझे आजच्या फलकावर कोणी चढवीत नाही.

व्हिडिओ गेममध्येही नियम हेच असतात, मात्र खेळणारा तेथे स्वतःच मालक असतो. मालिका सातांची, पाचांची, तिनांची की एकाच सामन्याची, हे तोच ठरवतो. बारा मिनिटांचा डाव त्याला तोकडा करता येतो, प्रतिस्पर्धी दुबळा करता येतो, आणि कंटाळा आला तर "हा सामना तूच खेळून टाक" असे यंत्राला सांगून क्षणात निकाल मिळवता येतो. आणि हार समोर दिसू लागली, तर त्या मुलाने केले तेच करता येते. मनोरंजन म्हणून यात काही वावगे नाही. पण ज्याने हरलेला एकही सामना जमेस धरला नाही, तो त्या सामन्यातून काय शिकणार?

आता आपल्याच भागातील एका सामन्याकडे पाहू. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्ण्याला जाम नदीच्या पात्रात पळसाचे झाड रोवून त्यावर झेंडा लावतात. एका काठावर पांढुर्णा, दुसऱ्या काठावर सावरगाव. झेंडा काढून आणण्यासाठी दोन्हीकडून गोटमार होते. एका काठचा तरुण आणि दुसऱ्या काठची तरुणी पळून जात असताना नदीत दगडांच्या माऱ्यात सापडली, अशी त्यामागची कथा लोक सांगतात. दरवर्षी शेकडो माणसे जखमी होतात. आजवर कित्येकांचे प्राणही गेले आहेत. प्रशासनाने दगडांऐवजी रबरी चेंडू देऊन पाहिले, पण लोक पुन्हा दगडांकडेच वळले. शेजाऱ्यांच्या परंपरेवर बोट ठेवण्यासाठी मी हे लिहीत नाही. एरवी वर्षभर हेच दोन काठ एकाच बाजारात भाजी घेतात आणि एकमेकांच्या सुखदुःखाला धावून जातात. मला बोट ठेवायचे आहे ते आपल्या घरांवर. कारण गोटमार वर्षातून एक दिवस होते, आणि आपल्या पुष्कळ ख्रिस्ती घरांत ती बारा महिने चालते. भावाभावांत बांधावरून बोलणे निघाले की वीस वर्षांपूर्वीच्या लग्नातील मानपान बाहेर येतो. सासूसुनेत मीठ कमी पडल्यावरून शब्द झाला की पहिल्या बाळंतपणाचा हिशेब निघतो. कालचा दगड आपण टाकून देत नाही. आजच्यासाठी पदरात बांधून ठेवतो.

तेव्हा झालेल्या चुकीशी वागण्याचे दोन मार्ग आपल्याला परिचयाचे आहेत. एक, सारे साठवून ठेवणे. दुसरा, सारे पुसून टाकणे. पहिल्याला आपण न्याय समजतो आणि दुसऱ्याला क्षमा. मला वाटते, दोन्ही ठिकाणी आपण चुकतो. तिसरा मार्ग मालिकेचा आहे: हार झाली ती झाली म्हणून मोजायची, आणि तरीही नवा सामना शून्यापासून सुरू करायचा.

हा खेळ ज्यांनी काढला ते जेम्स नेस्मिथ हे मूळचे कॅनडाचे. मॉन्ट्रिअलच्या प्रेस्बिटेरियन कॉलेजात त्यांनी ईश्वरविद्येचे शिक्षण घेतले होते. डिसेंबर १८९१ मध्ये अमेरिकेतील स्प्रिंगफील्ड येथे वायएमसीएच्या प्रशिक्षण विद्यालयात हिवाळ्यामुळे कोंडून पडलेल्या दांडग्या तरुणांसाठी त्यांनी तेरा नियम लिहिले आणि पीच फळांच्या टोपल्या उंच टांगल्या. चेंडू घेऊन पळायचे नाही, धक्काबुक्की करायची नाही, हे नियम त्यांनी घातले ते हाडे न मोडता चुरस व्हावी म्हणून. पुढे ते कॅन्सस विद्यापीठात प्रशिक्षक झाले. तेथे त्यांच्या संघाने ५५ सामने जिंकले आणि ६० गमावले. खेळाचा जनक, आणि हारी विजयांहून अधिक! ते आकडे कोणी पुसले नाहीत, आणि त्यांच्यामुळे त्यांचा मानही कमी झाला नाही.

दुसरे उदाहरण १९८५ सालचे. अंतिम मालिकेच्या पहिल्या सामन्यात, २७ मे रोजी, बॉस्टनने लॉस एंजेलिसच्या लेकर्स संघाला १४८-११४ असे चिरडले. लेकर्सचे करीम अब्दुल-जब्बार तेव्हा ३८ वर्षांचे होते. त्या दिवशी त्यांना अवघे १२ गुण करता आले. त्यांचे दिवस संपले, असे लोक बोलू लागले. प्रशिक्षक पॅट रायली यांनी त्या सामन्याची फिल्म खेळाडूंना दाखवली. एरवी मागे बसणारे अब्दुल-जब्बार त्या दिवशी पुढे बसले आणि आपली प्रत्येक चूक त्यांनी डोळ्यांनी पाहिली. दुसऱ्या सामन्यात त्यांनी ३० गुण केले, लेकर्स १०९-१०२ ने जिंकले आणि पुढे ९ जून रोजी मालिकाही ४-२ अशी जिंकली. पहिली हार त्या "२" मध्ये आजही आहे. आपल्याकडे क्रिकेटमध्ये असेच घडले. १९ डिसेंबर २०२० रोजी ॲडलेडला भारताचा डाव ३६ धावांत आटोपला. त्यानंतर अजिंक्य रहाणे यांच्या नेतृत्वाखाली मेलबर्नचा सामना जिंकला आणि जानेवारी २०२१ मध्ये मालिका २-१ अशी आपली झाली. ते ३६ कोणी खोडले नाहीत. मेलबर्नला मात्र डाव शून्यापासूनच सुरू झाला.

आता योहानाच्या शुभवर्तमानाचा एकविसावा अध्याय आठवा. पेत्राने तीन वेळा प्रभूला नाकारले होते, तेही विस्तवापाशी उभे राहून. पुनरुत्थित प्रभू समुद्रकिनारी पुन्हा विस्तव पेटवतो आणि पेत्राला तीनच वेळा विचारतो. प्रभूला बटण दाबता आले नसते काय? "झाले ते जाऊ दे" असे म्हणता आले नसते काय? पण तो पेत्राला ती हार पुन्हा पाहावयास लावतो. पेत्राला दुःख होते. आणि त्याच दुःखाच्या जागी प्रभू त्याच्या हाती मेंढरे सोपवतो. ही आहे क्षमा.

कोणी म्हणेल, यिर्मयाच्या एकतिसाव्या अध्यायात तर देव आपल्या लोकांची पापे यापुढे न आठवण्याचे अभिवचन देतो. खरे आहे. पण देव विसरभोळा नाही. न आठवणे म्हणजे ते पाप पुन्हा आपल्यावर न फेकणे. पाप न मोजताच पुसायचे असते, तर वधस्तंभाची गरज काय होती? वधस्तंभावर पापाची मोजणी पूर्ण झाली. म्हणून तर उठलेल्या प्रभूच्या हातांवर खिळ्यांचे व्रण तसेच होते, आणि तेच त्याने थोमाला दाखवले.

येथे मला स्वतःविषयी एक कबुली द्यावी लागेल. काही वर्षांपूर्वी एका मंडळीच्या कार्यकारी मंडळात मी होतो. आमच्यातील एका बंधूने घरच्या आजारपणात मंडळीच्या निधीतील रक्कम वापरली होती. त्याने आपण होऊन येऊन सांगितले आणि हप्त्याहप्त्याने सारी रक्कम भरली. मंडळीत दोन तट पडले. काही म्हणाले, याला पुन्हा कोणतेही काम देऊ नका. मी दुसऱ्या तटात होतो. मी म्हणालो, "विषय इतिवृत्तात नकोच. क्षमा केली, आता वहीत कशाला?" मला वाटले, मी मोठ्या मनाने बोलतो आहे. खरे पाहता मला त्या अवघड बैठकीतून लवकर सुटायचे होते.

तेव्हा तो बंधूच उभा राहिला. म्हणाला, "लिहा भाऊ. किती घेतले, किती परत केले, सगळं लिहा. नाही लिहिलं तर लोक तोंडी हिशेब करतील, आणि तो कधीच पुरा होणार नाही."

लिहिले गेले. पेटीची किल्ली दुसऱ्याकडे गेली, कारण क्षमा झाली तरी शिस्त उरते. आजाऱ्यांना भेटण्याचे काम मात्र त्याच्याकडे दिले, आणि ते त्याने आमच्यापैकी कोणाहूनही चांगले केले. पुढे एका सभेत कोणीतरी रागाच्या भरात जुनी गोष्ट काढली, तेव्हा आमचे एक वृद्ध सभासद एवढेच बोलले, "तो हिशेब वहीत आहे, आणि पान मिटलेलं आहे." सभा पुढे सुरू झाली. इतिवृत्तात लिहिले नसते, तर हे उत्तर देताच आले नसते.

असो. कोणताही दृष्टांत फार ताणू नये. खेळाच्या मालिकेला अंत आहे: चार हारी झाल्या की घरी जावे लागते. २०२५ पर्यंतच्या एनबीएच्या इतिहासात पहिले तीन सामने गमावून मालिका जिंकलेला संघ एकही नाही. तिसऱ्या हारीनंतर जग आशा सोडते. पण पेत्राने किती वेळा क्षमा करावी असे विचारताना सातापर्यंत मोजले, तेव्हा प्रभूने त्याची मोजणीच मोडून टाकली. सात वेळा पडूनही उठणाऱ्या नीतिमानाविषयी नीतिसूत्रेही बोलते. आणि वधस्तंभावरील चोराला तर शेवटच्या घटकेलाही दार उघडे सापडले. शिवाय खेळात एक जिंकायचा तर दुसरा हरलाच पाहिजे. समेटात तसे नाही. तेथे दोन्ही काठ जिंकतात.

पुढच्या खेपेस सौंसरला गेलो तेव्हा त्या मुलाला हे सारे थोडक्यात सांगितले. तो जरा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "म्हणजे काकाजी, हरलेला सामनाही सेव्ह करायचा म्हणता?"

मी म्हणालो, "कर. आणि पुढचा खेळ."

प्रिय वाचकहो, येत्या प्रभुभोजनापूर्वी आपणही एवढे करू या. ज्या भावाशी, ज्या शेजाऱ्याशी आपले बिनसले आहे, त्याच्या दारी जाऊ. झाले ते झालेच नाही, असे म्हणू नये. आपली चूक नाव घेऊन सांगावी आणि त्याची ऐकून घ्यावी. पदरात बांधलेला दगड मात्र तेथेच खाली ठेवून यावा.