जपणं आणि साठवणं

सेवाग्रामच्या बापूकुटीत साप पकडायचा चिमटा आहे, बसायची चटई आहे, मातीच्या भिंतीवर गांधींची शिष्या मीराबेन हिनं उठवलेली झाडं आहेत. ज्यानं अपरिग्रहाचं व्रत घेतलं, त्याचंच सामान आपण इतक्या निगुतीनं राखावं, ही गोष्ट खटकायला हवी. याच जिल्ह्यात पवनारला राहिलेल्या विनोबांनी तरुणपणी आपली प्रमाणपत्रं चुलीत घातली होती. त्या न्यायानं संग्रहालय हा परिग्रहच ठरतो. सेवाग्राम आश्रमातला गांधींचा चष्मा चोरीला गेल्याचं २०११मध्ये उघड झालं, तेव्हा त्या नजरेचं काय झालं, हे मात्र कुणी विचारलं नाही.

पण स्मृती म्हणजे साठा, हे मला मान्य नाही. कनू गांधी हा गांधींचा चुलत नातू. सेवाग्राममध्ये छायाचित्रं काढायची परवानगी गांधींनी त्याला दिली, पण तीन अटींवर: फ्लॅश वापरायचा नाही, कुणी त्याच्यासाठी मुद्दाम पोझ देणार नाही, आणि आश्रम एक पैसाही देणार नाही. (पैसे दिले ते घनश्यामदास बिर्लांनी, शंभर रुपये.) या अटींनी आठवण जपण्याला मज्जाव केला नाही, तिची पायरी ठरवून दिली. जगणं आधी, छायाचित्र मागाहून. ज्याच्या हाती असा ठेवा येतो, त्यानं मालक न होता विश्वस्त व्हावं, असा गांधींच्याच विश्वस्तपणाच्या विचाराचा अर्थ इथे लावता येतो.

विश्वस्तानं ठेव कुलपात ठेवायची की कामाला लावायची? मुंबईचे चित्रकार अतुल दोडिया यांनी ती कामाला लावली. गांधींच्या जुन्या छायाचित्रांचा आधार घेऊन त्यांनी जलरंगांची एक मालिका केली आणि १९९९मध्ये मुंबईत ती मांडली. त्यांच्या एका चित्रात बापू न्यूयॉर्कच्या रेने ब्लॉक गॅलरीत आहेत, सन १९७४! त्या वर्षी त्या गॅलरीत जर्मन कलावंत योझेफ बॉइस कोयोटी या लांडग्यासारख्या प्राण्याच्या सोबतीनं काही दिवस राहिला होता. गांधी तर अमेरिकेला कधी गेलेच नाहीत, आणि त्यांना जाऊन तेव्हा सव्वीस वर्षं झाली होती. मग सत्याच्या उपासकाविषयी हे असत्य नव्हे काय? आक्षेप साधा नाही. पण हे स्थळ आणि साल सांगणारं चित्राचं नावच आपली लबाडी उघड सांगतं, त्यामुळे त्यात कुणाची फसगत होत नाही. उलट, भक्ताला आपल्या सोयीचा गांधी तिथे सापडत नाही. कनूला घातलेल्या दुसऱ्या अटीचा रोखही फसवणुकीवरच होता. दुसरा आक्षेप मला जास्त वजनाचा वाटतो: असा हात सगळ्यांनीच घातला तर मूळ काय उरणार? म्हणूनच जुन्या छायाचित्रांच्या निगेटिव्ह जपायलाच हव्यात; मूळ हाताशी असेल तरच फेरफार ओळखता येतो. जपणाऱ्याचं आणि मोडून पाहणाऱ्याचं काम एकमेकांवाचून अडतं.

आणि फेरफार एकटा कलावंतच करतो, असंही नाही. १९९६पासूनच्या नोटांवर दिसणारा हसरा चेहरा १९४६च्या एका छायाचित्रातून कापून घेतला आहे. मूळ छायाचित्रात गांधींच्या शेजारी ब्रिटिश मंत्री पेथिक-लॉरेन्स आहेत. दोडियांनी काय जोडलं ते चित्राच्या नावातच आहे. इथे काय वगळलं ते नोटेवर कुठेच नाही, आणि त्या चेहऱ्याला खोटं म्हणायचं मात्र कुणाच्या मनात येत नाही.