विलीनीकरण

कार्तिकी पौर्णिमेला मांजरसुंब्याच्या फाट्यावर गाडी अर्धी रिकामी व्हायची. मन्मथस्वामींच्या समाधीला जाणारे कपिलधारकडे वळायचे आणि मी डबल बेल देऊन नेकनूर-केजमार्गे अंबाजोगाईला निघायचो. एकतीस वर्षे एस.टी.त कंडक्टरकी केली, त्यातली अकरा युनियनचा आगार सचिव म्हणून.

२०२१ च्या नोव्हेंबरात संपाच्या मंडपात बसलो तेव्हा आमची मागणी एकाच शब्दात मावत होती : विलीनीकरण. महामंडळ शासनात विलीन करा. एक जुना ड्रायव्हर म्हणाला, "सचिवसाहेब, विलीन झाल्यावर तुमची सचिवकी कुठं ऱ्हाईल?" सगळे हसले. मीही हसलो, पण रात्री झोप लागेना.

हा शब्द आमच्या मराठवाड्याने निजामाच्या हैदराबाद संस्थानात असताना आधीच एकदा गिरवला होता. ७ ऑगस्ट १९४७ ला हैदराबाद स्टेट काँग्रेसने भारतात विलीन होण्यासाठी चळवळ पुकारली, आणि तिचे पुढारी होते भगव्या कपड्यातले स्वामी रामानंद तीर्थ. मूळचे व्यंकटेश खेडगीकर. ना. म. जोशींच्या हाताखाली कामगार चळवळीत राबलेले, पुढे अंबाजोगाईच्या योगेश्वरी शाळेत शिकवलेले. त्याआधीच हिप्परग्याला त्यांनी संन्यास घेतला होता.

संन्याशाने राजकारण करावे का? आमच्या गावच्या महाराजांच्या मते सर्वसंगपरित्याग आणि सभा-मोर्चे एका झोळीत बसत नाहीत. मला उलटे वाटते. संन्यास घेताना माणूस जिवंतपणी स्वतःचे श्राद्ध घालतो, नाव टाकतो. एवढा सराव झाल्यावर बाकीचे सोडणे जमत असावे.

लोक स्वामींचा तुरुंगवास सांगतात. तुरुंगात तेव्हा पुष्कळजण गेले. मला १९५६ मोठे वाटते. हैदराबाद राज्य एकसंध राहावे असे खुद्द नेहरूंना वाटत होते. ज्या राज्यात स्वामींच्या शब्दाला वजन, ते मोडून मराठी, कन्नड, तेलुगू मुलूख आपापल्या भाषेच्या राज्यात जाऊ द्या, असे स्वामी म्हणत होते. १ नोव्हेंबरला ते राज्य नकाशावरून गेले. यात वैराग्य किती आणि भाषेचे राजकारण किती, ते कुणी तोलावे? दोनदा ते लोकसभेत गेले, हेही खरे. पण मंत्रिपद त्यांनी कधी घेतले नाही.

आम्ही संपकरी २०२२ च्या एप्रिलमध्ये कामावर परतलो. विलीनीकरण झाले नाही. त्यानंतर आगारातल्या तीन संघटनांची एक करावी असा विषय निघाला. बैठक दोन तास चालली, चहा दोनदा झाला, आणि माझ्यासकट एकाही सचिवाने शिक्का टेबलावर ठेवला नाही. निवृत्त होऊन आता दोन वर्षे झाली. तो शिक्का अजून माझ्या ट्रंकेत आहे.