मयसभा : भ्रमाची विषम वाटणी

मयसभेचा विचार आपल्याकडे बहुधा भ्रम या एकाच संकल्पनेच्या आधारे केला जातो. स्फटिकभूमीला पाणी समजून दुर्योधन वस्त्रे सावरतो आणि पाण्याला भूमी समजून त्यात पडतो. वेदान्तातील रज्जुसर्पाच्या दृष्टान्ताशी या प्रसंगाची सांगड सहज घातली जाते. परंतु त्यात एक मूलभूत भेद निसटतो. दोरीला साप समजण्याची शक्यता अंधारात वावरणाऱ्या प्रत्येकालाच असते. मयसभेतील भ्रम मात्र विषम वाटलेला आहे. भूमी कोठे आणि पाणी कोठे हे यजमानाला ठाऊक असते, पाहुण्याला नसते.

खांडवदाहातून वाचलेल्या मयाने कृतज्ञतेपोटी 14 महिन्यांत ही सभा उभारली. मनुष्यांना जिचे अनुकरण करता येणार नाही अशी ती असावी, ही कृष्णाची अपेक्षा होती. इतरांचे वगळले जाणे असे तिच्या संकल्पातच अनुस्यूत आहे.

मग अपमानाचे दायित्व कोणाचे? सभापर्वाच्या प्रत्यक्ष निवेदनात भीमादी पांडव आणि सेवक हसतात. द्रौपदीचे हसणे येते ते पुढे दुर्योधनाने पित्याला सांगितलेल्या हकिकतीत. आंधळ्याच्या पुत्राविषयीचा तिच्या तोंडचा प्रसिद्ध टोमणा तर भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीच्या संहितेत नाहीच. वास्तूच्या रचनेत आणि यजमानांच्या ज्ञानात असलेला दोष परंपरेने एका स्त्रीच्या जिभेवर ढकलला, असेच म्हणावे लागते. कल्पित वास्तूची अद्भुतता वर्णिताना तिच्यात पडते कोण, हा प्रश्न म्हणूनच समीक्षेला टाळता येत नाही.