मागच्या रांगेतला ट्रम्पेटवाला

१९५१ सालच्या ‘अलबेला’त एका गाण्याच्या वेळी झालरीच्या बाह्यांचे सदरे घातलेला वाद्यवृंद दिसतो. ती मंडळी नट नव्हेत, खरे वादक आहेत. त्यांतला ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट, म्हणजे गोव्यातल्या हळदोण्याचा आंतोनियो झेवियर वाझ. मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात जॅझ वाजवणाऱ्या या गड्याला लोक भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत. चित्रपटांत तो सी. रामचंद्रांचा सहायक होता.

हा ‘सहायक’ करायचा तरी काय? आपल्याकडे चाल पेटीवर सुचायची आणि तोंडीच पुढे जायची. पण स्टुडिओत व्हायोलिनं, ट्रम्पेट, सॅक्सोफोन एकत्र वाजवायचे तर प्रत्येकाच्या पुढ्यात लिहिलेला कागद हवा. चर्चच्या शाळांत पोरवयातच स्वरलिपी गिरवलेल्या गोवेकरांना ते काम सहज जमे. शंकर-जयकिशनसाठी सबॅस्टियन डिसोझांनी तेच केलं.

म्हणून चाली मुळात या गोवेकरांच्याच होत्या, असं कुणी म्हणू लागलं की मला ते पटत नाही. ‘अलबेला’च्या चाली सी. रामचंद्रांच्याच. पण आपण गाणं गुणगुणतो तेव्हा दोन कडव्यांमधला तुकडाही तोंडानं वाजवतोच की! तो गाण्याचा भाग नाही असं कोण म्हणेल?

जॅझचा जीव आयत्या वेळी सुचण्यात असतो. ख्याल गाणाऱ्याला तीन मिनिटांत, ठरलेल्या ताना घेऊन उठायला सांगावं, तशी या वादकांची स्टुडिओत गत होई. रात्री हॉटेलात जे सुचलं ते बहुतेक हवेत विरलं. पोटासाठी मोजून-मापून वाजवलेलं तेवढं टिकलं. वरातीतले बँडवाले आजही तेच वाजवतात.

१९५१ मध्येच चिकनं ‘नादान’ला स्वतंत्र संगीत दिलं, पण संगीतकार म्हणून त्याचा जम बसला नाही. १९६७ साली तो गेला. पुढे दहा वर्षांनी ‘अमर अकबर अँथनी’तल्या गाण्यामुळे अँथनी गोन्साल्विस या दुसऱ्या गोवेकराचं नाव देशाच्या तोंडी बसलं. संगीतकार प्यारेलालनी आपल्या व्हायोलिनच्या गुरूला केलेला तो नमस्कार होता. लोकांना मात्र ते अमिताभच्या पात्राचंच नाव वाटलं.

जुन्या गाण्यांचे कार्यक्रम करणाऱ्यांना एवढीच विनंती: गायक, गीतकार, संगीतकार सांगून झाले की वादकांचे कागद लिहिणाऱ्या संगीत संयोजकाचंही नाव घ्या. ठाऊक असेल तिथे तरी.