वाघ आला तेव्हा बाकीचे कुठे होते

माझ्या आईच्या हिशेबाने आम्ही ब्रह्मगिरीवर जाऊन आलो ते कुठल्याच खात्यात जमा होत नाही. तिचं सगळं आयुष्य पंचवटीत गेलं. श्रावणातल्या तिसऱ्या सोमवारसाठी रात्रीच त्र्यंबकला पोचायचं, कुशावर्तावर डुबकी मारायची, पायात काहीही न घालता फेरीला निघायचं, वाटेत कुणी केळं हातावर ठेवलं तर खायचं आणि सुजलेल्या पायांनी परतीच्या एसटीसाठी ताटकळायचं, ही तिची यात्रा. मी तिला सांगितलं, डोंबिवलीहून एका छोट्या ग्रुपबरोबर जातेय, पैसे भरले की गाडी, नाश्ता, जेवण, लीडर, वाटाड्या सगळं त्यांचं. ती म्हणाली, "म्हणजे तू जात नाहीयेस, तुला नेतायत."

माझ्यासारख्या, आयुष्यभर कॉलेजची लायब्ररी सांभाळलेल्या बाईला असं वाक्य सुखाने झोपू देत नाही. संतांनी देवाकडे मागितलं ते तरी दुसरं काय होतं? हाताला धरून चालवणारा देव तुकोबांना चालतो, मग हाताला धरून चालवणारा वाटाड्या आम्हाला का चालू नये? पण आईचा मुद्दा इतक्यावर संपत नव्हता. तिला म्हणायचं होतं की जिथे काहीच चुकणार नाही अशी कुणीतरी आधीच व्यवस्था लावून ठेवली आहे, तिथे काही सापडणारही नाही. आणि याला आधार शोधायला फार लांब जावं लागत नाही. ब्रह्मगिरीचीच गोष्ट तिच्या बाजूने उभी राहते.

आम्ही गेलो ते गणपती विसर्जनानंतरच्या रविवारी. पहाटे निघालेली गाडी कसारा घाट चढून घोटीवरून आत वळली, तेव्हा उजाडत होतं. वैतरणेच्या बाजूची भातखाचरं पोटरीला आली होती. बांधांवर सोनकी पिवळीधम्मक, ओलसर जागी तेरड्याचा गुलाबी पट्टा. गाडीत आम्ही बारा-तेरा जण. एक डेंटिस्ट जोडपं, आयटीतल्या दोन मुली, एक निवृत्त बँकवाले काका, बाकी असेच. आमच्या लीडरच्या गळ्यात शिट्टी होती आणि दर थांब्यावर तो डोकी मोजायचा. त्र्यंबकला पायथ्याच्या एका पाड्यातला मुलगा आमच्यात आला. वय पंचविशीच्या आत, पायात पावसाळी प्लॅस्टिकचे बूट, खांद्यावर दोराचं वेटोळं. लीडर पुढे, तो मागे. ट्रेकिंगवाल्यांच्या बोलीत सगळ्यांच्या शेवटी चालणाऱ्याला 'स्वीप' म्हणतात. त्याच्या मागे कुणी उरता कामा नये, एवढंच त्याचं काम.

पायऱ्यांबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. माकडं, लिंबू सरबत, काकडी, मध्येच धुक्याचा लोट आणि आपल्या श्वासाचा आवाज. मध्यावर एक फाटा गंगाद्वाराकडे जातो. तिथल्या गुहा नाथांच्या नावाने ओळखल्या जातात. वर पठारावर गेलं की गोदावरीचं मूळ आणि पलीकडे जटामंदिर. शंकराने इथे खडकावर जटा आपटली आणि गंगा उतरली, असं सांगतात.

या डोंगराच्या गोष्टी मला लहानपणापासून पाठ आहेत, तरी त्या दिवशी वर उभं असताना एक गोष्ट पहिल्यांदाच ध्यानात आली. यातली एकही गोष्ट ठरवल्याप्रमाणे घडलेली नाही. गौतम ऋषींनी गंगा आणायचा बेत केला नव्हता. दुष्काळात त्यांच्याकडे भात पिकत होता, इतरांना ते बघवलं नाही, शेतात मायावी गाय सोडली गेली, गौतमांनी दर्भाच्या काडीने तिला हाकललं आणि ती मेली. गोहत्येचं पाप धुवायला तप, तपाने शंकर प्रसन्न, मग गंगा. आणि आलेली गंगा तरी एका जागी राहावी! डोंगरमाथ्यावर दिसली, गुप्त झाली, गंगाद्वारी पुन्हा दिसली, पुन्हा गुप्त. शेवटी गावात गौतमांनी कुशाचं कडं घालून तिला अडवलं, तेच कुशावर्त. भूगोल शिकवणारे सांगतील की काळ्या पाषाणाच्या थरांमधल्या भेगांतून पाणी झिरपतं आणि खाली फुटतं. मला दोन्ही एकाच वेळी पटतं, त्याची मला अडचण होत नाही. याच डोंगररांगेच्या एका अंगाचं पाणी वैतरणा होऊन पश्चिमेला जातं, धरणांत अडतं आणि मुंबईच्या नळाला येतं. दुसऱ्या अंगाचं पाणी १४६५ किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळतं. थेंब कुठल्या उतारावर पडला, एवढ्यावर सगळं ठरतं.

आता आईच्या बाजूची गोष्ट. ज्ञानदेवांचे वडील विठ्ठलपंत संन्यास सोडून घरी परतले म्हणून आळंदीने त्यांना वाळीत टाकलं. मुलांच्या मुंजी होईनात. तेव्हा ते बायको-मुलांना घेऊन त्र्यंबकला आले आणि रोज मध्यरात्री कुशावर्तावर स्नान करून ब्रह्मगिरीची प्रदक्षिणा करू लागले. चरित्रकार सांगतात, एका रात्री वाटेत वाघ आला. सगळे पळाले. थोरला निवृत्ती वाट चुकला आणि एका गुहेत शिरला. तिथे गहिनीनाथ बसले होते. सात दिवस तो त्यांच्याजवळ राहिला आणि उपदेश घेऊनच बाहेर पडला. ज्ञानेश्वरी, हरिपाठ, दोन्हींचा धागा मागे नेत गेलं की त्या गुहेच्या तोंडाशी येतो. म्हणजे घोळका फुटला, पोर हरवलं, म्हणून गुरू भेटला. विठ्ठलपंतांबरोबर शिट्टीवाला लीडर आणि मागे स्वीप असता तर?

आमच्यातल्या बँकवाल्या काकांच्या डोक्यात हेच असावं. जटामंदिराशी पोचल्यावर ते लीडरला म्हणाले की तासभर मला एकट्याला सोडा, मी पठाराच्या त्या टोकाला जाऊन बसतो. डोंगरात यायचं ते एकांतासाठी, हे सारखं मोजणं काय लावलंय. लीडर समजावत राहिला, काका हट्टाला पेटले. तेवढ्यात धुकं इतकं दाटलं की दहा पावलांवरचं देऊळ दिसेना. वाटाड्या पोरगा इतका वेळ गप्प होता. तो म्हणाला, "काका, हरवायचं तर खाली गावात हरवा. इथं हरवलात तर रातच्याला बॅटरी घेऊन शोधायला मलाच यावं लागतं." गेल्या पावसाळ्यात असंच कुणी हरवलं होतं म्हणे, पाड्यावरची माणसं पहाटेपर्यंत हाका मारत फिरली. काका गप्प बसले. मलाही काही बोलता आलं नाही, पण माझं कारण वेगळं होतं.

त्याच्या त्या एका वाक्याने निवृत्तीची गोष्ट माझ्यासाठी उलटी झाली. वाघ आला म्हणून एक मुलगा गुहेत गेला, हे आपण पिढ्यानपिढ्या सांगतोय. वाघ आला तेव्हा बाकीचे पाच जण कुठे होते? विठ्ठलपंत, रुक्मिणीबाई, ज्ञानदेव, सोपान आणि कडेवर घेण्याच्या वयाची मुक्ता. सात दिवस. गुहेतल्या सात दिवसांवर कीर्तनकार रात्ररात्र रंगतात, गुहेबाहेरच्या सात दिवसांबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. मुलाचा सदरा सापडतोय का ते बघत झुडपं धुंडाळणारी आई, गिधाडं कुठे उतरतात तिकडे नजर ठेवणारा बाप. आधीच वाळीत पडलेलं घर. शोधायला माणसं मागायची तरी कुणाकडे? मला नात आहे, त्यामुळे हे सात दिवस मला त्या धुक्यात नको इतके स्पष्ट दिसले.

हरवण्यात काही पुण्य आहे असं ज्यांना वाटतं, त्यांनी हा दुसरा अर्धा भाग वाचलेला नसतो. शिवाय निवृत्ती काही एकांत हवा म्हणून बाजूला झाला नव्हता. त्याला घोळका सोडायचाच नव्हता. तो जिवाच्या भीतीने पळाला. कृपा झाली ती हरवल्यामुळे झाली, की हरवला असतानाही झाली? ज्ञानदेवांनी ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायाच्या अखेरीस परंपरा सांगितली आहे: आदिनाथ, मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती. तिथे सप्तशृंगीचा डोंगर आहे, पण ब्रह्मगिरीचा वाघ नाही. धाकट्या भावाला वाघ सांगावासा वाटला नाही. त्याने सांगितलं ते एवढंच, की कलीने ग्रासलेल्या जिवांना सोडवायची आज्ञा गहिनीनाथांनी निवृत्तीला दिली. त्या आज्ञेत गुहेत बसून राहायची मुभाच नाही.

जटामंदिरापासून पठाराच्या कडेकडेने आम्ही दुर्गभांडारला निघालो. मी पैसे भरले होते ते खरं तर यासाठीच. एकटीने तिथे जाणं माझ्या गुडघ्यांच्या आवाक्यात नव्हतं. कातळात कोरलेल्या अरुंद खाचेतून पायऱ्या खाली उतरतात. दोन्ही खांदे भिंतींना घासतात. तळाशी एक इतकं बुटकं दार, की बसूनच बाहेर सरकावं लागतं. आणि बाहेर आलं की समोर नुसता दगडी कणा. निसर्गानेच ठेवलेला पूल. दोन्ही बाजूंना दरी, धुकं असेल तर तीही दिसत नाही. पलीकडे पुन्हा तसंच दार, पुन्हा पायऱ्या. इथे लीडर मागे राहिला आणि वाटाड्या पुढे झाला. त्याने दोर काढलाच नाही. मला म्हणाला, "मावशी, दरीकडं नका बघू, पलीकडं पण नका बघू. माझ्या टाचांकडं बघा."

त्याच्या प्लॅस्टिकच्या बुटाची उजवी टाच झिजून आतल्या बाजूला कलली होती. तिला लाल चिखल लागला होता आणि चिखलात गवताची एक काडी चिकटली होती. ती टाच उचलली की मी पाऊल टाकायचे, टेकली की थांबायचे. पूल किती लांब होता, मला सांगता येणार नाही. आपल्याकडे गुरुचरणांचं एवढं माहात्म्य का, यावर मी पुस्तकंच्या पुस्तकं रॅकवर लावली आहेत. चेहरा सोडून माणसं पायाशी का जातात, हे त्यातल्या एकाही प्रस्तावनेत मला पटेल असं सापडलं नव्हतं. उत्तर साधं असावं. पुढे चालणाऱ्याचा चेहरा मागच्याला दिसतच नाही. मागच्याच्या उपयोगाचे असतात ते पाय.

त्या पोराला मी गुरू करत नाहीये. तो वाटाड्या आहे, त्याच्या कामाचे त्याला पैसे मिळतात (पुरेसे मिळतात की नाही, हा प्रश्न मी लीडरला विचारला आणि तो जरा तुटक बोलला). वाटाड्या जसं नेतो तसं परत आणतो. गुरूने तसंच परत आणलं तर तो गुरू कसला? पण दोघांमध्ये आपण मानतो तितकं अंतर नाही, असं मला आता वाटतं, आणि याचा पुरावा खुद्द निवृत्तीनाथच देतात. गुहेतून हा मुलगा बाहेर आला आणि गहिनीनाथांनी दिलेलं त्याने कुणाला दिलं? शिष्य शोधत हिंडला नाही. ज्यांच्यापासून तुटला होता त्या भावंडांकडेच परत गेला आणि धाकट्या भावाला दिलं. पुढे कार्तिकात, १२९६ साली, आळंदीला ज्ञानदेवांनी समाधी घेतली. महिन्याभरात सासवडला सोपानदेव गेले. १२९७च्या वैशाखात मुक्ताबाई गेल्या. आणि ज्येष्ठात, सगळ्यांच्या शेवटी, थोरल्याने त्र्यंबकला येऊन देह ठेवला. जो एकदा घोळक्यातून हरवला होता, त्याने तिन्ही भावंडांना पुढे जाऊ दिलं आणि मागे कुणी उरलं नाही तेव्हाच स्वतः गेला. आमच्या गाडीतल्या मुलींना मी हे सांगितलं, तर त्यातली एक पटकन म्हणाली, "म्हणजे ते स्वीप होते." मला हे सुचलं नसतं.

तेव्हा आईच्या वाक्याला माझं उत्तर असं: कुणी सांभाळून नेलं म्हणून सापडायचं ते अडत नाही, आणि हरवलं म्हणून मिळतंच असंही नाही. गौतमांनी बेत केला नव्हता, निवृत्तीनेही नाही. पैसे भरून गेलेल्यांच्या वाट्याला एखादी झिजलेली टाच येणार असेल तर ती येईल. प्रदक्षिणेबाबत मात्र तिचंच बरोबर आहे. आम्ही डोंगर चढलो आणि त्याच वाटेने उतरलो, डोंगर उजव्या हाताला ठेवून त्याच्याभोवती फिरलो नाही. ती फेरी नव्हेच.

एक मात्र मला कुणी सांगितलेलं नाही, आणि मी वाचलेल्या कुठल्याही चरित्रात ते नाही. सातव्या दिवशी मुलगा झाडीतून चालत आला तेव्हा रुक्मिणीबाई काय म्हणाल्या? चरित्रकार थेट उपदेशाकडे वळतात. बापाला आनंद झाला, ज्ञानदेवांना दीक्षा मिळाली, वगैरे. माझा अंदाज आहे की आधी पाठीत एक सणसणीत धपाटा बसला असेल, मग जे काही शिजलं असेल ते पुढ्यात आलं असेल. आणि गहिनीनाथांचा शिष्य मुकाट्याने जेवला असेल.